मोटारींतील फ्यूज : एका दुबळ्या तारेचा इतिहास

आषाढांतील रात्र, खंडाळ्याचा घाट आणि एक जुनी अँबॅसडर मोटार, एवढें चित्र डोळ्यांसमोर आणावें. पाऊस कोसळत आहे, आणि वाहनांची रांग मुंगीच्या पावलानें घाट उतरत आहे. पुढच्या मालमोटारीचा मागील तांबडा दिवा पेटतो, म्हणून अँबॅसडरचा चालक ब्रेकवर पाय ठेवतो. आणि त्याच क्षणीं कांचेवरचा वायपर मध्यावर येऊन थबकतो. पेट्रोलचा कांटा शून्यावर पडतो. वळण्याची खूण करणारा दिवा लुकलुकत नाहीं. इंजिन मात्र चालूच असतें, पुढचे दोन्ही दिवे जळत असतात आणि भोंगाही वाजतो. गाडी कडेला घेऊन चालक भिजत खालीं उतरतो. त्याच्या मनांत पहिला प्रश्न येतो तो असा कीं, एकाच क्षणीं तीन वस्तू बिघडल्या तरी कशा?

तीन वस्तू बिघडलेल्याच नसतात. वायपर शाबूत आहे, कांटा शाबूत आहे, दिवाही शाबूत आहे. त्या तिघांना वीज पुरविणाऱ्या वाटेवर एक इंच-सव्वा इंच लांबीची कांचेची नळी आहे आणि त्या नळींतील तार वितळली आहे. हिलाच फ्यूज म्हणतात. ती वितळली म्हणून गाडी अडली, ही गोष्ट खरी. परंतु ती वितळली नसती तर त्या रात्रीं त्या घाटांत काय जळलें असतें, हा प्रश्न अधिक महत्त्वाचा आहे. या क्षुद्र दिसणाऱ्या वस्तूच्या मागें पावणेदोनशें वर्षांचा इतिहास उभा आहे, आणि त्यांत शास्त्रज्ञांच्या बुद्धीइतकाच सामान्य माणसाच्या उतावळेपणाचाही भाग आहे.

विजेचा प्रवाह तारेंतून वाहूं लागला म्हणजे तार तापते. प्रवाह वाढला कीं उष्णता वाढते, आणि ती तारेला सोसेनाशी झाली म्हणजे प्रथम तिच्यावरचें वेष्टण करपतें, आणि मग आसपासचें कापड, लाकूड, वा मोटारीच्या बाबतींत पेट्रोलची वाफ, पेट घेते. सबंध तार जाड करीत गेल्यानें हें संकट टळत नाहीं. तें केवळ पुढें ढकललें जातें. यावर जो उपाय निघाला तो प्रथमदर्शनीं उफराटा वाटतो. सबंध वाटेवर एक तुकडा जाणूनबुजून दुबळा ठेवावयाचा, म्हणजे अतिरेक होतांच तोच आधीं वितळेल आणि वाट तुटेल. साखळी तिच्या कच्च्या कडीपाशीं तुटते हें सर्वांना ठाऊक असतें. पण ती कच्ची कडी कोठें असावी हें आपणच ठरवावें, आणि ती हाताला सांपडेल अशा जागीं बसवावी, ही कल्पना कोणालातरी सुचावी लागली.

ती सुचली ती घरांतील दिव्यांकरितां नव्हे. त्या वेळीं घरांत विजेचे दिवे नव्हतेच. १८४७ सालीं पॅरिस येथील लुई ब्रेगे यानें तारायंत्राच्या कचेऱ्यांविषयीं एक सूचना केली. सुप्रसिद्ध घड्याळजी अब्राहम-लुई ब्रेगे याचा हा नातू. रानोमाळ उभ्या असलेल्या खांबांवरील तारांवर आकाशांतली वीज कोसळली म्हणजे ती तारांवाटे कचेरींत शिरे, आणि यंत्रांचा व प्रसंगीं माणसांचाही घात करी. ब्रेगेचें म्हणणें असें कीं, कचेरीच्या तोंडाशीं बाहेरच्या तारेहून पुष्कळ बारीक अशी तार जोडावी. आकाशांतली वीज आली तर ती बारीक तार वितळून जाईल आणि आंतील यंत्र वांचेल. फ्यूजचें मूळ तत्त्व यांत पूर्णपणें आलेलें आहे.

तीस-बत्तीस वर्षांनीं टॉमस एडिसन यानें घरोघर विजेचे दिवे नेण्याचा संकल्प सोडला, तेव्हां हीच अडचण निराळ्या रूपानें उभी राहिली. आतां भय आकाशाचें नव्हतें, भिंतींतील तारांचें होतें. लोकांना गॅसच्या दिव्यांचे धोके परिचयाचे होते; परंतु भिंतीच्या आंत न दिसणारी आग लागूं शकते, हें भय नवें होतें. ४ मे १८८० रोजीं एडिसनला दिव्यांच्या संरक्षक तारेचें पेटंट मिळालें. त्यांतील बारकावा ध्यानांत घेण्याजोगा आहे. त्या तारेच्या तुकड्याभोंवतीं वीज न वाहणाऱ्या पदार्थाचें आवरण असावें असें त्यानें सांगितलें, कारण तार वितळली म्हणजे तिचे तप्त कण खालीं गालिच्यावर वा सामानावर पडूं नयेत. आग टाळण्यासाठीं बसविलेल्या वस्तूनेंच आग लावूं नये, हा विचार पेटंट लिहितांनाच झाला होता. १८८२ च्या सप्टेंबरांत न्यूयॉर्कच्या पर्ल स्ट्रीटवरील त्याचें वीजघर चालू झालें. त्याच वर्षीं लंडनमध्यें तारायंत्र-अभियंत्यांच्या संस्थेनें विजेच्या दिव्यांपासून आग लागूं नये यासाठीं नियम केले, आणि प्रवाह अवास्तव वाढल्यास सहज वितळेल अशा धातूचा तुकडा मुख्य वाटेवर असावा, हें त्या नियमांत घातलें. तेव्हांपासून फ्यूज ही शोधकाची हौस न राहतां घरमालकाचें कर्तव्य झालें.

येथें एक शब्दांचा घोळ सांगून ठेवणें अवश्य आहे. इंग्रजींत फ्यूज या उच्चाराचे दोन शब्द आहेत. सुरुंगाला लावावयाच्या वातीचा शब्द चातीवाचक लॅटिन शब्दावरून आला, आणि विजेचा फ्यूज वितळणें या अर्थाच्या क्रियापदावरून आला. मराठींत मात्र फ्यूज ‘उडतो’. जणू तो सुरुंगाच्याच कुळांतला! वस्तुतः तो बहुधा मुकाट्यानें वितळतो. स्फोट झाला तर तो त्याच्या कर्तव्यांत कमी पडला असेंच म्हणावें लागेल.

तार किती जाड असली म्हणजे किती प्रवाहाला वितळेल, याचा हिशेब प्रथम कोणालाच नीट ठाऊक नव्हता. ब्रिटिश टपालखात्याचा विद्युत्तज्ज्ञ विल्यम प्रीस यानें १८८० नंतरच्या दशकांत तारा वितळवून पाहून तो मांडला. हाच प्रीस १८९६ पासून तरुण मार्कोनीच्या पाठीशीं उभा राहिला, म्हणून नभोवाणीच्या श्रोत्यांनींही त्याचें ऋण मानावयास हरकत नाहीं. प्रीसच्या नियमाप्रमाणें तारेची जाडी दुप्पट केली तर ती दुप्पट नव्हे, पावणेतीनपटींहून अधिक प्रवाह सोसते. धातूप्रमाणेंही मोठा फरक पडतो. एक मिलिमीटर जाडीची शिशाची तार सुमारें अकरा अँपिअरला वितळते, कथलाची सुमारें तेरा अँपिअरला, आणि तांब्याची सुमारें ऐशीं अँपिअरला! शिसें ३२७ अंश सेंटिग्रेडला वितळतें, कथील २३२ अंशांना, तर तांबें १०८५ अंशांना. फ्यूज गेला म्हणून हाताशीं असलेला तांब्याचा तुकडा तेथें गुंडाळणाऱ्यानें हे आंकडे एकदां वाचावेत. जाडी तीच दिसते, काम होतें, दिवा लागतो. आणि पहारेकरी मात्र सात झोपा एकदम काढावयास मोकळा होतो.

१८९० सालीं इंग्लंडांत मॉर्डी यानें तार कांचेच्या नळींत घालून भोंवतीं वाळू, खडू, विटांची भुकटी यांसारखा बारीक पदार्थ भरण्याची कल्पना पेटंट केली. तार वितळली तरी हवेंतून ठिणगी उडी घेत राहते आणि वाट तुटत नाहीं. ती ठिणगी वाळूंत गुदमरते. या वाळूची गांठ पुढें पुन्हां पडणार आहे.

मोटारीला आरंभीं फ्यूजची गरजच नव्हती. दिवे कार्बाइडच्या गॅसवर वा रॉकेलवर जळत, भोंगा रबरी फुग्यानें वाजे, आणि इंजिन चालू करावयास पुढें उभें राहून दांडा फिरवावा लागे. ठिणगीपुरती काय ती वीज. १९१२ सालच्या कॅडिलॅक मोटारींत चार्ल्स केटरिंग यानें विजेवर इंजिन चालू करण्याची व दिव्यांची एकत्र योजना बसविली, आणि तेथून मोटारींत बॅटरी, डायनॅमो व तारांचें जाळें कायमचें नांदूं लागलें. बॅटरीचा दाब केवळ सहा वा बारा व्होल्ट, म्हणून हात लावला तरी झटका बसत नाहीं. त्यामुळें मोटारींतील वीज निरुपद्रवी असा समज पसरला. तो समज घातक आहे. बारा व्होल्टांची चांगली बॅटरी क्षणभर शेंकडों अँपिअर देऊं शकते, कारण स्टार्टर फिरवावयास तेवढे लागतातच. तेवढा प्रवाह दिव्याच्या बारीक तारेंत शिरला तर ती तार कांहीं क्षणांत लाल होते.

त्यांतही मोटारीची एक रचना या संकटाला निमंत्रणच देते. घरांत दिव्याकडे दोन तारा जातात. मोटारींत बहुधा एकच जाते, आणि परतीची वाट गाडीच्या लोखंडी सांगाड्यांतून असते. तांब्याची बचत होते, हें खरें. पण त्यामुळें गाडीच्या अंगाचा प्रत्येक इंच हा जणू उघडी तारच होतो. कोठेंही पत्र्याच्या धारेवर घांसून तारेचें वेष्टण झिजलें आणि आंतील तांबें पत्र्याला टेकलें, कीं दिव्याला वळसा घालून सगळी वीज तेथूनच परत जाते. धक्के, धूळ, पाऊस आणि इंजिनाची थरथर यांच्यामध्यें अशी एखादी जागा वर्षानुवर्षें झिजत असते.

असें असूनही फोर्ड कंपनीच्या मॉडेल टी या गाडीला, जी १९०८ ते १९२७ या काळांत दीड कोटींच्या घरांत विकली गेली, कारखान्यांतून फ्यूज येत नसे. तिच्यानंतरच्या मॉडेल ए गाडीलाही नसे. ज्या जपणाऱ्यांनीं या गाड्या आजही चालत्या ठेवल्या आहेत, त्यांपैकीं पुष्कळांनीं स्टार्टरपाशीं स्वतःच्या पदरचा एक फ्यूज जोडलेला आढळतो. शोध लागणें आणि तो स्वस्त वस्तूंत उतरणें, यांमध्यें केवढें अंतर असतें त्याचा हा नमुना.

फ्यूज मोटारींत आला तो कांचेच्या नळीच्या रूपानें. दोन्ही टोंकांना धातूच्या टोप्या, मधें पातळ धातूची पट्टी वा तार. कांच वापरण्याचा हेतु उघड होता : आंत काय झालें तें दिसावें. आणि येथूनच या इतिहासाचा खरा झगडा सुरू होतो. तार कितीला वितळावी हा शास्त्राचा प्रश्न प्रीसच्या काळींच बव्हंशीं सुटला होता. उरला तो माणसाचा प्रश्न. उडालेला फ्यूज अंधारांत, घाईंत, कदाचित् पावसांत बदलणारा माणूस तेथें योग्यच फ्यूज घालील, याची हमी कोण देणार?

अमेरिकन कारखानदारांनीं यावर एक फारच सुंदर युक्ति काढली होती. त्यांच्या एका मालिकेंत फ्यूजची लांबीच त्याच्या शक्तीप्रमाणें वेगळी असे. चार अँपिअरचा फ्यूज अवघा पाऊण इंचाच्या आंत, चौदा अँपिअरचा इंचाहून थोडा अधिक, वीस अँपिअरचा सव्वा इंच, आणि तीस अँपिअरचा त्याहूनही लांब. म्हणजे नऊ अँपिअरच्या जागीं तीस अँपिअरचा घालावयाचा म्हटलें तरी तो तेथें मावेचना! माणसाच्या शहाणपणावर कांहींच सोंपविलेलें नव्हतें. पण याच्याच जोडीला सर्व शक्तींचे फ्यूज एकाच सव्वा इंची लांबीचे, अशीही मालिका बाजारांत चालली, आणि तिच्यांत पांचाच्या जागीं तीस सुखानें बसे.

इंग्लंडांत आणखी निराळा गोंधळ होता, आणि त्याची झळ हिंदुस्थानांतील गाडीवाल्यांनाही लागली. कारण मॉरिस, ऑस्टिन, हिलमन या गाड्या येथें पुष्कळ आल्या, आणि १९५८ पासून २०१४ पर्यंत उत्तरपाडा येथें तयार झालेली अँबॅसडर ही मूळची मॉरिस ऑक्सफर्डच. अमेरिकन फ्यूजवरचा आंकडा तो सतत किती प्रवाह सोसेल हें सांगतो. जुन्या ब्रिटिश फ्यूजवरचा आंकडा तो किती प्रवाहाला वितळेल हें सांगे. नळींत एक रंगीत कागदाची पट्टी असे, आणि तिच्यावर ३५ असें छापलेलें असे. पण तो फ्यूज सतत सोसावयाचा तो सुमारें सतराच अँपिअर. आतां हा ३५ चा आंकडा पाहून कोणी त्या जागीं अमेरिकन पद्धतीचा पस्तिसाचा फ्यूज घातला, तर आंकडा बरोबर जुळतो आणि संरक्षण निम्म्यावर येतें. या चुकींत उतावळेपणा नाहीं, लबाडीही नाहीं. प्रामाणिकपणें वाचून केलेली ही चूक आहे, आणि म्हणूनच ती अधिक वाईट.

या ब्रिटिश गाड्यांत फ्यूज तरी किती? बॉनेटखालीं एक लहानशी पेटी, तिच्यांत दोन चालू फ्यूज आणि शेजारीं दोन राखीव. एकावर भोंगा आणि आंतला दिवा. दुसऱ्यावर, किल्ली फिरविल्यावर चालणाऱ्या वस्तू : वायपर, वळणाचे दिवे, पेट्रोलचा कांटा, ब्रेकचा दिवा. घाटांतल्या अँबॅसडरचीं लक्षणें आतां उलगडतात. जीं साधनें एकदम बंद पडलीं तीं सर्व एकाच फ्यूजच्या आश्रयाचीं होतीं. भोंगा वाजला, कारण त्याचा फ्यूज वेगळा. उडालेला फ्यूज शोधण्याची पहिली पायरी पेटी उघडणें ही नव्हेच. काय काय बंद पडलें आणि काय काय चालू आहे याची मनांत यादी करणें ही होय.

पण पुढचे मोठे दिवे? त्यांना त्या गाड्यांत फ्यूजच नसे. हें दुर्लक्ष नव्हतें; त्यामागें एक विचार होता, आणि त्यावर अनेक देशांत अनेक उत्तरें निघालीं. रात्रीं वळणावर दोन्ही दिवे एकदम विझणें हें आगीपेक्षां कमी घातक आहे काय? ब्रिटिशांनीं दिव्यांची तार बिनफ्यूजची ठेवून धोका पत्करला. अमेरिकेंत पुष्कळ गाड्यांत दिव्याच्या खटक्यांतच दोन धातूंची एक पट्टी बसवीत. प्रवाह वाढला कीं ती तापून वांके आणि वाट तुटे, निवली कीं पुन्हां जोडली जाई. दिवे विझत नसत, लुकलुकत राहत. चालकाला कडेला जाण्याइतका उजेड मिळे आणि बिघाडाची सूचनाही मिळे. जर्मनांचें उत्तर सर्वांत साधें. फोक्सवागनच्या गोगलगाईसारख्या पाठीच्या सुप्रसिद्ध गाडींत डाव्या दिव्याला एक फ्यूज आणि उजव्याला दुसरा. एक गेला तर एक डोळा उरतो. या तिन्हींत जर्मन उत्तरच श्रेष्ठ ठरलें असें म्हणावयास हरकत नाहीं, कारण पुढें बहुतेक सर्व कारखानदारांनीं तेंच उचललें.

त्या जर्मन गाड्यांतील फ्यूज कांचेचे नव्हते. चिनी मातीच्या बारीक दांड्यावर एक उघडी धातूची पट्टी, दोन्ही टोंकें निमुळतीं, आकार एखाद्या इवल्याशा पाणसुरुंगासारखा. पांढरा आठ अँपिअरचा, तांबडा सोळाचा, निळा पंचवीसचा. इटलींतील फिआट कंपनीनेंही हीच धाटणी घेतली. रंगावरून शक्ति ओळखण्याची सोय हा मोठाच गुण; पण उघड्या टोंकांवर दमट हवेचा गंज चढे, आणि पट्टी अखंड असूनही वीज पुढें जाईना. अशा वेळीं नवा फ्यूज घालण्याआधीं जुनाच बोटांनीं जागच्या जागीं दोन-चार वेळां फिरवून पाहावयाचा. गंज खरवडला जाऊन गाडी पूर्ववत् चाले. फ्यूज ‘गेला’ म्हणून फेंकून देण्यांत आले असे कित्येक बिचारे धडधाकटच असत.

१९७६ च्या सुमारास अमेरिकेंतील लिटलफ्यूज या कंपनीनें, जी एडवर्ड संट यानें १९२७ सालीं शिकागोंत मोजमापाचीं नाजूक यंत्रें वांचविण्यासाठीं काढली होती, आजच्या ओळखीचा चपटा फ्यूज आणला : दोन पातीं खालीं, वर रंगीत प्लॅस्टिकचें डोकें. तांबडा दहाचा, निळा पंधराचा, पिवळा वीसचा, हिरवा तीसचा. प्लॅस्टिक पारदर्शक, त्यामुळें आंतली वांकडी पट्टी तुटलेली आहे कीं नाहीं तें दिसतें. आणि डोक्यावर दोन लहान उघडे बिंदु ठेवलेले, त्यांवर तपासणीचा दिवा टेकवून फ्यूज न काढतांच परीक्षा करतां येते. दोन्ही बिंदूंवर दिवा लागला तर फ्यूज शाबूत. एकाच बाजूला लागला तर गेलेला. सोयीच्या दृष्टीनें याच्यासारखा फ्यूज पूर्वीं झाला नव्हता, आणि जगांतील गाड्यांनीं तो स्वीकारला यांत नवल नाहीं. तथापि एका बाबतींत ती पीछेहाटच म्हणावी लागेल. पांचाचा आणि तिसाचा फ्यूज आकारानें सारखेच. ज्यांची लांबीच चुकीच्या जागीं मावत नसे, त्या जुन्या कांचेच्या नळ्यांचें शहाणपण येथें सोडून दिलें आणि सगळा भार रंगावर, म्हणजे पुन्हां माणसाच्या डोळ्यावर टाकला.

विजेवर चालणाऱ्या आजच्या मोटारींत चारशें व्होल्ट आणि त्याहूनही अधिक दाबाची बॅटरी असते. तेथें वितळलेल्या तारेंतून ठिणगी सहजासहजीं विझत नाहीं, म्हणून १८९० सालच्या मॉर्डीची वाळू पुन्हां कामाला आली आहे. कांहीं गाड्यांत तर संकट ओळखतांच लहानशा स्फोटकानें वाटच छाटून टाकणारीं साधनें बसविलेलीं असतात. फ्यूज खरोखरच ‘उडण्याचा’ हा काय तो एक प्रकार! हे फ्यूज मालकानें स्वतः बदलावयाचे नसतात. पण त्याच गाडींतील दिवे, वायपर आणि भोंगा अद्याप बहुधा बारा व्होल्टांवरच चालतात, आणि त्यांच्यासाठीं तींच रंगीत पातीं चालकासमोरील फळीखालीं रांगेंत उभीं असतात.

घाटांतला चालक अजून पावसांतच आहे. विजेरीच्या उजेडांत त्यानें पेटी उघडली आहे. किल्ली बंद केल्याखेरीज फ्यूजला हात लावूं नये, हें त्याला ठाऊक आहे. काढलेली नळी तो उजेडासमोर धरतो. आंतली तार जरा लोंबून मधें एखादी बारीक फट पडलेली असती, तर प्रवाह थोडासाच अधिक होऊन ती सावकाश थकली, किंवा वयोमानानें गेली, असें समजावें. पण कांचेच्या आंतून काळसर रुपेरी लेप बसला आहे. तार वितळली नाहीं, तिची क्षणांत वाफ झाली. म्हणजे कोठेंतरी तांबें उघडें होऊन पत्र्याला टेकलें. कांचेची नळी ही एवढी साक्ष देते.

दोन राखीव फ्यूजांपैकीं एक तो बसवितो. वायपर चालूं लागतो, कांटा वर येतो. तो गाडी हलवितो, ब्रेकला पाय लावतो, आणि सगळें पुन्हां बंद. आतां उरला एकच फ्यूज. याच घटकेला पुष्कळांचा हात खिशांतल्या सिगारेटच्या पाकिटाकडे जातो. त्यांतला चंदेरी कागद उडालेल्या नळीभोंवतीं गुंडाळला कीं काम भागतें, हें देशोदेशींच्या गाडीवाल्यांना परंपरेनें ठाऊक आहे. काम भागतेंही. पण ज्या क्षणीं ब्रेक दाबला जाईल त्या क्षणीं बॅटरींतले शेंकडों अँपिअर त्या कागदावाटे मागच्या बारीक तारेंत जातील, आणि ती तार बैठकीखालून, पेट्रोलच्या टाकीच्या शेजारून गेलेली असते.

चालक पाकीट खिशांतच राहूं देतो. ब्रेक दाबतांच फ्यूज जातो, एरव्हीं टिकतो. तर दोष वायपरमध्यें नाहीं, कांट्यांत नाहीं, ब्रेकच्या दिव्याकडे जाणाऱ्या तारेंतच आहे, एवढें त्याला दुसऱ्या फ्यूजनें सांगितलें. पहिल्यानें दोष आहे हें सांगितलें होतें, दुसऱ्यानें तो कोणत्या वाटेवर आहे हें दाखविलें. तो डिकी उघडतो आणि विजेरी तारेवरून हळूहळू फिरवीत नेतो. बिजागरीपाशीं, जेथें झांकण दर वेळीं उघडतांना तार पत्र्याच्या धारेवर घांसते, तेथें अर्धा इंच वेष्टण झिजून तांबें चकाकत आहे, आणि शेजारच्या पत्र्यावर जळाल्याचा काळा ठिपका आहे. तो तार पुसून कोरडी करतो, तिच्याभोंवतीं चिकटपट्टीचे तीन-चार वेढे देतो, ती धारेपासून दूर ओढून बांधतो, आणि मगच शेवटचा फ्यूज जागीं बसवितो.

ब्रेक दाबतांच मागें दगडी भिंतीवर तांबडा उजेड पडतो आणि वायपर चालूच राहतो. पेटीचें झांकण लावतांना राखीव फ्यूजांच्या दोन्ही जागा रिकाम्या दिसतात. लोणावळा मागें पडला आहे, खोपोलीचीं दुकानें उघडावयास अद्याप पांच-सहा तास आहेत.